बेकरीसमोरच्या चादरी

अ‍ॅमस्टरडॅम, १२ मार्च १९४९

रीका,

मला काम मिळालं. आधी हे वाक्य पुन्हा एकदा वाच, मग पुढे जा.

दिव्यांच्या गाड्या ढकलायचं काम नव्हे, कॅमेऱ्याचं. माहितीपट काढणारी एक लहानशी कंपनी आहे, एका जुन्या तबेल्याच्या माडीवर. खाली अजून घोड्यांचा वास येतो. कॅमेरामन चालत्या माणसाचं चित्र घेत असतो तेव्हा लेन्सवरचं कडं हळूहळू फिरवायचं आणि तो माणूस धूसर होऊ द्यायचा नाही, एवढंच माझं काम. एवढंच म्हणतोय खरा, पण काल पहिल्याच दिवशी मासेमारीच्या बोटीवर चढवलं मला. समुद्र असा खवळलेला की पोटातलं सगळं बाहेर आलं. एका हाताने बादली धरली आणि दुसऱ्या हाताने कडं फिरवत राहिलो. संध्याकाळी दिग्दर्शक व्हेरहुल्स्ट म्हणाले, "पोरा, तू हिरवा पडला होतास, पण चित्र काही हललं नाही." रीका, मला रात्रभर झोप नाही. बेकरीवाल्याचा मुलगा असल्यामुळे पहाटे तीनला जाग येतेच, पण ही जाग वेगळी होती.

घरी सांगायला गेलो होतो. शनिवारीच पोचलो, रविवारी, देवाच्या दिवशी, आगगाडीत बसलो असतो तर बाबांनी दारच उघडलं नसतं. त्यांनी ऐकून घेतलं, हाताचं पीठ झटकलं आणि म्हणाले, "पाव भाजणारा पाव खातो. सावल्या भाजणारा काय खाणार रे?" आई एप्रनमध्ये तोंड लपवून हसली. मी म्हटलं, "बाबा, सिनेमाघरातलं नाचगाणं नाही हे. खरी माणसं, खरी कामं." तर म्हणाले, "खरी आहेत ना, मग डोळ्यांनी बघ. पेटी कशाला लागते?"

तू विचारलं नाहीस तरी सांगतो. तुझं नाव कोणी काढलं नाही. कपाटावरचा तुझा फोटो गेलाय. कुठे गेला हे आईला माहीत असावं, कारण पिठाच्या सगळ्यात लहान डब्याला हल्ली कोणी हात लावायचा नाही असा तिचा हुकूम आहे. प्रोटेस्टंट घरातली तू कॅथलिक माणसाशी लग्न केलंस आणि बोटीत बसून कॅनडाला गेलीस, याला वर्ष होत आलं, पण बाबा अजून गिऱ्हाइकांना तीच म्हण ऐकवतात: एका उशीवर दोन धर्म, तर मधे झोपतो सैतान. तुझ्या नवऱ्याला, त्या तोनला विचार, सैतान घोरतो का.

तुझा लीवेन


झीलंड, ६ फेब्रुवारी १९५३

रीका,

सगळे जिवंत आहेत. आई, बाबा, मी. पुराच्या बातम्या तुमच्या रेडिओवर आल्याच असतील, म्हणून हे आधी.

मी एका शाळेच्या जिन्यावर बसून लिहितोय. कंपनीने मला सोमवारी बोटीतून पाठवलं, या वेळी एकट्याला, पूर्ण कॅमेरा माझ्या हाती देऊन. चार वर्षं मी या दिवसाची वाट पाहिली, आणि तो आला तो असा. आपल्या नोर्डाइकेत शिरलो तेव्हा गाव ओळखू येईना. शेतं समुद्र झालेली, मेलेल्या गाई पाठीवर तरंगत होत्या. आपलं घर समुद्राच्या बांधावर असल्याने पाणी दुकानाच्या गल्ल्यापर्यंतच आलं. भट्टी मात्र बुडाली. आजोबांच्या काळापासून न विझलेली भट्टी.

आणि वरच्या खिडकीत बाबा. शनिवारचे उरलेसुरले पाव टोपलीत घालून दोरीने खालच्या बोटींत सोडत होते. रविवारीही सोडत होते म्हणे. ज्या माणसाने जन्मात रविवारी पावाचा तुकडा विकला नाही तो माणूस. मी नंतर छेडलं तर म्हणाले, "विकला कुठे? दिला."

उजेड असा सुरेख पडला होता, रीका. मागून वळलेले ढग, पाण्याची चकाकी त्यांच्या हनुवटीवर, आणि ती टोपली खाली येतेय. मी पेटी डोळ्याला लावली. माझ्या आयुष्यातलं सर्वांत चांगलं चित्र समोर उभं होतं. तेवढ्यात वरून आवाज आला, "पेटी ठेव आणि हात पुढे कर."

मी पेटी ठेवली आणि हात पुढे केले. संध्याकाळपर्यंत पाव झेलून वाटत होतो. ते चित्र गेलं. व्हेरहुल्स्ट ओरडतील, ओरडू देत. बाकी रीळ मी दुसऱ्या दिवशी घेतलं, चांगलं आलंय, परदेशातही दाखवणार म्हणतात. माझं नाव पडद्यावर येणार, लहान अक्षरांत का होईना.

पिठाचा लहान डबा आईने पाण्यातून स्वतः काढला. बाबांनी पाहिलं. आणि तिला शिडीवरून वर चढताना हात दिला.

लीवेन


बोटीवरून, अटलांटिकमध्ये कुठेतरी, २० सप्टेंबर १९५६

रीका,

तुझं घर सोडून आठवडा झाला नाही आणि लागलो लिहायला. काय करू, पोटात मावत नाहीये.

परदेशी गेलेल्या आपल्या लोकांवर चित्रपट काढायचा असं सरकारच्या मनात आलं, आणि कॅनडाला माझ्याबरोबर कोण येणार असं व्हेरहुल्स्टनी विचारलं तेव्हा माझा हात त्यांचं वाक्य संपायच्या आत वर गेला होता. तुम्ही सगळ्यांनी मला चार दिवस सहन केलंत. पण तू पेटीच्या पुढे होतीस. मागून काय दिसलं ते तुला ठाऊक नाही, म्हणून सांगतो.

तुमच्या रस्त्यावर संध्याकाळ झाली की घरोघरी पडदे ओढतात. एक तुझी खिडकी तेवढी उघडी. तुझी ती शेजारीण मला म्हणालीसुद्धा, "तुमची बहीण दुकानाच्या काचेत बसल्यासारखी का बसते हो?" मी म्हटलं, आमच्याकडे पडदा ओढला की लोक विचारतात, आत काय लपवताय. आपल्या घरात पडदे ओढले गेले ते फक्त लढाईच्या वर्षांत, जर्मनांच्या हुकमाने, आणि तेव्हाही बाबा रोज कुरकुरायचे. म्हणून मी कॅमेरा तुझ्या अंगणात लावला, आणि बाहेरून, त्या उघड्या खिडकीतून, तुमचं जेवण टिपलं. तोन टेबलापाशी येतो. कपाळापासून छातीपर्यंत क्रूस काढतो. तू आपली डोळे मिटून, हात जोडून, बाबांनी शिकवलेली प्रार्थना पुटपुटतेस. चार वर्षांचं पोरगं एक डोळा उघडा ठेवून दोघांकडे आळीपाळीने बघतंय. आणि मग तू पाव छातीशी धरतेस आणि सुरी स्वतःकडे ओढत कापतेस. लहानपणी याच्यापायी किती बोलणी खाल्लीस. "बेकरीत राहून फळीवर पाव कापता येत नाही हिला." मागे उभे असलेले व्हेरहुल्स्ट कुजबुजले, "बाईंना कोणीतरी थांबवा." मी म्हटलं, थांबवू नका, आता तर खरी ती दिसतेय.

व्हेरहुल्स्टचं म्हणणं असं की आपल्या पंथाच्या गावांत दाखवायच्या प्रतीतून तोनचा क्रूस कापावा, उगाच कोणाला खुपायला नको. दोन सेकंदांचं काम. बंदरावर तू काय म्हणालीस ते मी विसरलेलो नाही. "बाबांना मी एकदा दिसायला हवी, लीवेन. पण तोनला कापून नाही. कापायचं तर मलाही काप."

नाही कापणार. पण बाबांना दाखवायचं कसं? सिनेमाघराच्या बाजूच्या रस्त्यानेसुद्धा न जाणारा माणूस. तुझा फोटो पुढे केला तर मान फिरवतात. आठ वर्षं झाली. भट्टी पुन्हा पेटली, गाव कोरडं झालं, बाबा तसेच.

बघू. मला काहीतरी सुचतंय.

लीवेन


अ‍ॅमस्टरडॅम, २९ नोव्हेंबर १९५६

रीका,

सुचलं.

बाबा चित्रापाशी येत नाहीत तर चित्र बाबांपाशी न्यायचं. आपल्या बैठकीच्या खिडकीसमोर, रस्त्यापलीकडे, कोर्नेलिसचं धान्याचं कोठार आहे ना. त्याच्या भिंतीवर दाखवायचं. पडदा तर बाबा ओढणार नाहीत. मारिनस बेकरीवाल्याने पडदा ओढला, हे गावभर व्हायला किती वेळ लागेल, तूच सांग. आणि नाही ओढला तर खिडकीत आठ हात उंच तू. सापडले की नाही कोंडीत?

कोर्नेलिसला विचारायला गेलो. पाइप ओढत सगळं ऐकलं त्याने आणि म्हणाला, "तुझ्या बापाने वीस वर्षं मला करपलेले पाव अर्ध्या भावात दिलेत. त्याला छळायची संधी सोडेन होय मी? पण कोठाराला डांबर फासलंय, काळं ठिक्कर आहे, त्याच्यावर काय दिसणार?" तो विचार माझ्या डोक्यात आलाच नव्हता. त्याची बायको आतून ओरडली, "चादरी लावा की." आता गावातल्या बायका आपापल्या कपाटांतून चादरी काढून शिवतायत. प्रत्येकीने कानावर हात ठेवून सांगितलंय की हे कशासाठी आहे ते आपल्याला ठाऊक नाही.

चर्चचे पंच बोने मात्र आडवे आले. "लीवेन, गावात सिनेमा येणार नाही." मी म्हटलं, "तिकीट नाही, छप्पर नाही, खुर्ची नाही. याला सिनेमा कसं म्हणता?" त्यांनी बराच विचार केला. "मी येऊन बघेन," म्हणाले, "म्हणजे नेमकी कशाला हरकत घ्यायची ते कळेल."

आईला मी काहीच बोललो नाही. पण परवा तिने मला दारात गाठलं आणि विचारलं, "कधी?" तेवढंच. मी तारीख सांगितली. "म्हणजे आदल्या दिवशी काचा धुवायला हव्यात," म्हणाली आणि आत गेली.

चित्र दाखवायचं यंत्र तपासलं, जास्तीचा बल्ब घेतला, कोठारातून वीज घ्यायची तार मोजली, त्या दिवशी सूर्य कधी मावळतो ते पाहिलं. उजेडाची एकही गोष्ट मी नशिबावर सोडलेली नाही. एकच भीती वाटते. त्यांनी तोनचा क्रूस पाहिला आणि उठून खरंच पडदा ओढला, तर तो मग जन्मभर ओढलेलाच राहील. तुझ्यासाठीही, माझ्यासाठीही. तरी मी कापलेलं नाही.

लीवेन


नोर्डाइके, १५ डिसेंबर १९५६

रीका,

अक्षर लागत नसेल तर माफ कर. कोर्नेलिसच्या कोठारात पोत्यावर कागद ठेवून लिहितोय.

काल संध्याकाळी कडाक्याची थंडी होती, पण कोरडी. कोठारावर चादरी ताणल्या. बांधावर सगळं गाव कोट, शाली, लाकडी बूट घालून उभं. पंच बोने सगळ्यांत पुढे. प्रवचनात वाटतात तशा पेपरमिंटच्या गोळ्या खिशातून काढून त्यांनी आजूबाजूला दिल्या, म्हणजे वातावरण निदान धार्मिक राहावं. रस्त्यापलीकडे आपली खिडकी दिव्याने लख्ख. आईने काचा दोनदा धुतल्या होत्या. टेबलावरचं आवरलेलं, दिव्याखाली बाबा जेवणानंतरचा बायबलचा अध्याय वाचत बसलेले, आणि आई समोर हात बांधून. रोजच्यासारखं.

मी यंत्र सुरू केलं.

आधी बंदर, बोट, हात हलवणारी माणसं. कोणीतरी म्हणालं, "अगो बाई, हा तर आपल्या दर्कचा भाऊ." मग लाटा, तुमचा रस्ता. बाबांनी मान वर केली नाही. मला वाटलं, हट्टी आहेत, बघतील. मग तू आलीस. चादरींत वारा शिरत होता, त्यामुळे तुझं नाक फुगायचं आणि बसायचं, पण तूच होतीस, कोठाराएवढी. कोर्नेलिसने पाइप तोंडातून काढला. बाबा वाचतच होते. पान उलटलं त्यांनी.

आणि तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. रीका, उजळलेल्या खोलीतून रात्री बाहेर बघशील तर काचेत काय दिसतं? आपलंच तोंड. आतला दिवा चालू असताना ती काच म्हणजे आरसा. आपल्या लोकांना जन्मभर बाहेरून आत बघायची सवय, आतून बाहेर कोण बघतो. पण मी? सात वर्षं उजेडावर पोट भरतोय मी, सूर्य कधी मावळतो ते बघून आलो, आणि माझ्या बापाच्या टेबलावरचा दिवा विसरलो. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. बाबा हट्ट करत नव्हते. त्यांना काही दिसतच नव्हतं. बाहेर गाव जमलंय, काहीतरी लुकलुकतंय, एवढंच.

मी यंत्र कोर्नेलिसच्या हाती देऊन धावणार, तोच आई उठली. सरळ खिडकीपाशी आली आणि दोन्ही हातांची ओंजळ डोळ्यांभोवती धरून काचेला नाक लावलं. रस्त्यापलीकडून मला तिचे ओठ दिसले. तिने तुझं नाव घेतलं. त्या घरात, बाबांसमोर, मोठ्याने. बाबा वाचायचे थांबले. अध्याय अर्धा टाकून थांबलेले मी त्यांना आजवर पाहिले नव्हते, पूर आला त्या शनिवारीसुद्धा थांबले नव्हते, असं आई सांगते.

चादरींवर तोन टेबलाशी येत होता. बाबा उठले.

"ओढतोय," कोणीतरी म्हणालं. पंच बोनेंनी टोपी काढली, का ते देव जाणे. बाबांचा हात वर गेला, आणि खिडकी गेली. काळी. कोर्नेलिसची बायको म्हणाली, "ओढला हो पडदा." मी यंत्राला धरून उभा राहिलो. मग कोर्नेलिस माझ्या कानाशी वाकून म्हणाला, "अरे येड्या, नीट बघ. पडदे आहेत तिथेच आहेत. दिवा घालवलाय त्याने."

दिवा घालवला होता, रीका. आता त्यांना सगळं दिसत होतं, आणि आम्हाला ते दिसत नव्हते. लपवायचं काही नसलेल्या माणसाला तेवढं तरी लपवायला मिळालं.

तोनने क्रूस काढला, कपाळापासून छातीपर्यंत, आठ हात उंच. तू डोळे मिटलेस. पोराने एक डोळा उघडा ठेवला आणि सगळा बांध हसला. पंच बोनेही हसले, मग खोकले. तू पाव छातीशी धरलास. रीळ संपलं. मी खिडकीकडे पाहिलं. अंधारच. तो दिवा लागेना, म्हणून मी रीळ गुंडाळून पुन्हा लावलं. कोणी घरी गेलं नाही. दुसऱ्यांदा संपलं, तरी दिवा नाही. मग तिसऱ्यांदा फक्त तुझं घर दाखवलं. त्यानंतर दिवा लागला. बाबा टेबलाशी बसले होते, पुस्तक पुढ्यात, आणि राहिलेला अध्याय वाचून पुरा करत होते. बोने माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "हरकत लेखी कळवीन." अजून कळवलेली नाही, आणि कळवतील असं दिसत नाही.

मी कोर्नेलिसकडेच झोपलो. घरी जायची हिंमत झाली नाही. आज सकाळी बेकरीत गेलो तर शनिवारची ही गर्दी. काल जे झालं त्याबद्दल अवाक्षर न काढता सगळ्या बायका पाव मागत होत्या, आणि सगळ्यांचे कान गल्ल्याकडे. माझी पाळी आली. बाबांनी माझ्याकडे पाहिलं नाही, ते कणीक तोडत होते.

"तिला पत्र लिहितोस ना तू?"

"लिहितो."

"मग लिही. अजून पाव छातीशी धरून कापते. चार वर्षांचं पोर शेजारी बसलेलं असताना." कणकेचा गोळा त्यांनी फळीवर आपटला. "पोर बघून शिकतं. बोट जाईल एखाद्याचं."

"लिहितो, बाबा."

"आणि त्या तोनला सांग, सुरीला धार लावून ठेव. बोथट सुरीच बोट कापते."

नाव घेतलं, रीका. दुकानभर बायकांसमोर. आठ वर्षांत पहिल्यांदा, आणि तेही आधी त्याचं. तुझं घेतलं नाही अजून, त्यासाठी थांब थोडी. आईने पिठाचा लहान डबा गल्ल्यावर आणून ठेवला होता, झाकण उघडं, आतला तुझा फोटो दिसेल असा. बाबांनी मागच्या भिंतीवरून पाव कापायची बीच झाडाच्या लाकडाची फळी काढली, आजोबांची, पुरात तरंगून वर आलेली, ती हाताने पुसली, कागदात गुंडाळली, दोरी बांधली, आणि गल्ल्यावरून माझ्याकडे सरकवली.

असं चित्र पुन्हा मिळायचं नाही. खिडकीतून उजेड पडत होता, पीठ हवेत उडत होतं. पेटी कोर्नेलिसकडे होती.

मी हात पुढे केले.

फळी वेगळ्या टपालाने येतेय. तिच्यावर काप.

लीवेन